तसू, गज, वार आणि मिलिमीटर : खिडकीच्या एका पडद्यामागचा मोजमापाचा इतिहास

१/
‘तसूभरही मागे हटणार नाही’ हे वाक्य आपण भाषणांत ऐकतो, कादंबऱ्यांत वाचतो. पण तसू म्हणजे नेमके किती, असे विचारले तर बहुतेकांना उत्तर देता येत नाही. तसू हे लांबीचे माप होते आणि त्याला इंचांत निश्चित किंमत होती. आजचा धागा अशाच मापांविषयी आहे. त्यासाठी आपण एक अगदी साधी वस्तू समोर ठेवू : खिडकीच्या मापाने बनवून घ्यायचा चुणीदार पडदा, ज्याला बाजारात ‘प्लीटेड ब्लाइंड’ म्हणतात.

२/
ठिकाण घेऊ कशेळी. ठाण्याहून जुन्या आग्रा रस्त्याने निघालो की बाळकुमनंतर खाडी ओलांडताच लागणारे भिवंडी तालुक्यातील गाव. एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला काल्हेर, पूर्णा, राहनाळपर्यंत पसरलेली गोदामे, आणि मध्ये वाढत चाललेल्या निवासी इमारती. ठाणे-भिवंडी-कल्याण या मेट्रो मार्ग ५ वर कशेळी नावाचे स्थानकही आहे. अशा गावात जुनी घरे आणि नवे मजले शेजारी शेजारी उभे असतात. म्हणजेच शेकडो नव्या खिडक्या, आणि त्या प्रत्येकीचे माप थोडे वेगळे.

३/
पडदा शिवून घेणे आणि ब्लाइंड बनवून घेणे यांत मोठा फरक आहे. कापडी पडदा चार बोटे जास्त रुंद झाला तरी त्याच्या चुण्या पडतात आणि चूक झाकली जाते. चौकटीत बसवायचा चुणीदार ब्लाइंड मात्र पाच मिलिमीटर जास्त झाला तरी आत जात नाही आणि पंधरा मिलिमीटर कमी झाला तर कडेने उन्हाची पट्टी दिवसभर आत येते. शिवाय मापाने बनवलेली वस्तू दुसऱ्या कोणाच्या उपयोगाची नसल्याने विक्रेता ती सहसा परत घेत नाही. चूक कोणाची, हा प्रश्न इथे थेट पैशांचा होतो.

४/
इतिहासात हा प्रश्न याहून फार मोठ्या प्रमाणावर विचारला गेला आहे. शेतसारा जमिनीच्या मापावर बसत असे, विणकराची मजुरी कापडाच्या मापावर ठरत असे. प्रत्येक वेळी तीन गोष्टी निर्णायक ठरल्या. माप कोणते? मोजण्याचे साधन कोणते? आणि ते साधन कोणाच्या हातात? हे तीन प्रश्न लक्षात ठेवून पुढे जाऊ. धाग्याच्या शेवटी हेच प्रश्न आपण कशेळीतील एका खिडकीला विचारणार आहोत.

५/
प्रथम शब्दांकडे पाहू, कारण खिडकीचा इतिहास शब्दांतच साठलेला आहे. ‘पडदा’ फारसी ‘पर्दा’वरून आला. काचेच्या ‘तावदाना’चे मूळ फारसी ‘ताबदान’, म्हणजे उजेड आत येण्याची जागा. बांबूच्या काड्यांचा ‘चिक’ तुर्की मूळाचा. फारसीत मापाच्या दांड्याला ‘गज’ म्हणत. मराठीत कापडाचे माप असलेला गज, बंदूक ठासायचा गज आणि खिडकीचे लोखंडी गज, तिन्ही सरळ आणि न वाकणारे. ‘सुतार’ हा शब्द ‘सूत्रधार’ या संस्कृत शब्दापासून आला, म्हणजे हातात मापाचे सूत धरणारा.

६/
काच स्वस्त होण्यापूर्वी खिडकी झाकण्याचे आपल्याकडे अनेक उपाय होते. सतराव्या शतकात पश्चिम किनाऱ्यावर आलेल्या जॉन फ्रायर या इंग्रज वैद्याने नोंदवून ठेवले आहे की इथे काच महाग व दुर्मीळ आहे, म्हणून खिडक्यांना दुमडती दारे असतात आणि त्यांवर चिक किंवा जाळ्या लावतात. उन्हाळ्यात वाळ्याचे पडदे भिजवून लावण्याची रीत तर आजही अनेक घरांत टिकून आहे. ‘आईन-इ-अकबरी’त अबुल फजलने वाळ्याच्या थंडाव्याचे श्रेय बादशहा अकबराला दिले आहे. दरबारी लेखकाने असे श्रेय देणे स्वाभाविकच होते, पण सोळाव्या शतकाच्या अखेरीस ही सोय प्रतिष्ठित होती, एवढे त्यावरून निश्चित कळते.

७/
गोव्यातील जुन्या घरांत वेगळीच युक्ती दिसते. तिथे काचेऐवजी एका चपट्या, अर्धपारदर्शक शिंपल्याचे तुकडे लाकडी जाळीत बसवीत. प्राणिशास्त्रात या शिंपल्याचे नाव ‘प्लाकुना प्लासेंटा’. उजेड आत येई, ऊन मात्र मवाळ होऊन येई. मोजमापाच्या दृष्टीने यातली गंमत अशी की शिंपला मोठा करता येत नाही. म्हणून जाळीचे घर शिंपल्याच्या बेताने करावे लागे आणि अशी घरे जोडून खिडकीचे दार होई. इथे आच्छादनाने चौकटीला माप दिले. आजच्या ब्लाइंडमध्ये हा क्रम उलटा असतो : चौकट आधी उभी असते आणि आच्छादनाला तिच्या मापात यावे लागते.

८/
युरोपात पट्ट्यांच्या पडद्याचे यंत्रशास्त्र अठराव्या शतकात आकाराला आले. १७६९ मध्ये एडवर्ड बेवन याने लंडनमध्ये व्हेनिशियन ब्लाइंडचे पेटंट घेतले. पट्ट्या दोरीने एकत्र फिरवून उजेड कमीजास्त करण्याची ती योजना होती. पुढे वसाहतीच्या काळात मुंबईच्या बंगल्यांत आणि कचेऱ्यांत लाकडी पट्ट्यांच्या झडपा रूढ झाल्या. त्या सुतार जागेवरच बनवीत. माप घेणारा, लाकूड कापणारा आणि झडप बसवणारा माणूस एकच असे, त्यामुळे चूक झाली तर तो तिथेच रंधा मारून ती सुधारी.

९/
आता मापांकडे वळू. ब्रिटिशकाळातील मुंबईच्या मापकोष्टकांत लांबीची मापे अशी सापडतात : १६ तसूंचा एक हात आणि २४ तसूंचा एक गज. मुंबईचा हात १८ इंचांचा आणि गज २७ इंचांचा. म्हणजे एक तसू सव्वा इंचाहून थोडा कमी, नेमका १.१२५ इंच, आजच्या मापात सुमारे २८.६ मिलिमीटर. ‘तसूभरही हटणार नाही’ असे म्हणणारा वक्ता प्रत्यक्षात तीन सेंटिमीटरांहून कमी अंतराची प्रतिज्ञा करीत असतो.

१०/
पण गज हा मुंबईचा २७ इंचांचा, मद्रासचा ३३ इंचांचा आणि बंगालचा ३६ इंचांचा. कल्पना करा की तिन्ही शहरांतून ‘दोन गज रुंदीचा चिक पाठवा’ अशी मागणी आली. मुंबईत ५४ इंचांचा चिक तयार होईल, मद्रासेत ६६ इंचांचा, बंगालात ७२ इंचांचा. मुंबई आणि बंगाल यांत १८ इंचांचा, म्हणजे मुंबईच्या बरोबर एका हाताचा फरक. शब्द एकच, संख्या एकच, वस्तू तीन. केवळ संख्या सांगणे म्हणजे माप सांगणे नव्हे, याचे याहून चांगले उदाहरण सापडणे कठीण.

११/
मापाइतकेच साधन महत्त्वाचे असते. मोगल महसूल व्यवस्थेत जमीन मोजण्यासाठी दोरी वापरीत. दोरी ओली झाली की आखडते आणि कोरडी झाली की सैल पडते. म्हणजे एकाच शेताचे माप पहाटेच्या दवात वेगळे आणि दुपारी वेगळे. दोरी आखडली तर तेच शेत कागदावर मोठे होते आणि रयतेवर जास्त आकार बसतो. अकबराच्या काळात तोडरमलच्या सुधारणांत दोरीच्या जागी लोखंडी कड्यांनी जोडलेल्या बांबूचा जरीब आला, तो याच कारणासाठी.

१२/
महाराष्ट्रात शिवकाळात असाच बदल दिसतो. जमीन मोजणीसाठी काठी प्रमाण मानली गेली आणि या मोजणीशी अण्णाजी दत्तोंचे नाव जोडले जाते. पाच हात व पाच मुठी लांबीची काठी, वीस काठ्या लांब व वीस काठ्या रुंद जमीन म्हणजे एक बिघा, आणि १२० बिघ्यांचा एक चावर. राजारामांच्या काळात कृष्णाजी अनंत सभासदाने लिहिलेल्या बखरीत ही पद्धत नोंदलेली आहे. हात आणि मूठ ही शरीराचीच मापे; पण ती एकदा काठीवर उतरवली की मोजणी करणाऱ्याच्या हाताच्या लांबीचा प्रश्न उरत नाही.

१३/
लक्षात घ्या, १६५७ मध्ये शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली, तेव्हा हा खाडीकाठचा मुलूख स्वराज्यात आला. पावसाळी, दमट, भातशेतीचा मुलूख. अशा हवेत दोरी आणि काठी यांतला फरक केवळ तात्त्विक नव्हता. आजही खिडकी मोजताना शिंप्याची कापडी टेप वापरू नये, पोलादी टेप वापरावी, असे प्रत्येक ब्लाइंड बनवणारा सांगतो. त्यामागचे कारण तेच आहे. कापडी टेप वापरून वापरून ताणली जाते. सोळाव्या-सतराव्या शतकांतील महसुली अधिकाऱ्यांना जे उमगले होते, तेच आज मागणीपत्रकाच्या पहिल्या सूचनेत छापलेले असते.

१४/
एखादा म्हणेल, धातूही उष्णतेने वाढतोच की. खरे आहे, आणि याचा विचार भारतातच फार काटेकोरपणे झाला. १८०२ मध्ये विल्यम लॅम्ब्टनने मद्रासजवळ आधाररेषा मोजली तेव्हा पोलादी साखळीवर ऊन पडू नये याची काळजी घेतली होती आणि तापमानाची नोंदही ठेवली होती. पुढे जॉर्ज एव्हरेस्टने लोखंड व पितळ या दोन धातूंच्या जोडणीतून तापमानाचा परिणाम रद्द करणारे दांडे आणले. खिडकीसाठी मात्र ही चिंता नको : दोन मीटर पोलादी टेप दहा अंश सेल्सिअसने तापली तर ती सुमारे पाव मिलिमीटरच वाढते.

१५/
आता सत्तेचा प्रश्न. १८८९ मध्ये ब्रिटिश हिंदुस्थानात लांबीच्या मापांचा कायदा झाला आणि इंग्लंडचा यार्ड हे कायदेशीर प्रमाण ठरले. योगायोग असा की त्याच वर्षी पॅरिसजवळ मीटरचा प्लॅटिनम-इरिडियमचा आंतरराष्ट्रीय नमुना स्वीकारला गेला. म्हणजे जगाचा मोठा भाग मीटरकडे निघाला असताना आपल्यावर यार्डाचा शिक्का बसला. मराठीत या यार्डाला ‘वार’ हा शब्द रूढ झाला आणि तो नऊवारी, सहावारी, पाचवारी या शब्दांतून आजही जिवंत आहे. नऊ वार म्हणजे सुमारे ८.२३ मीटर.

१६/
स्वातंत्र्यानंतर १९५६ च्या वजने व मापे मानक कायद्याने मेट्रिक पद्धत स्वीकारली गेली आणि १९५८ पासून ती टप्प्याटप्प्याने अमलात आली. त्याच सुमारास, १९५७ मध्ये, नाणी दशमान झाली होती. १९५९ मध्ये इंग्रजी भाषिक देशांनी इंच बरोबर २५.४ मिलिमीटर असे निश्चित केले, त्यामुळे दोन पद्धतींतील रूपांतर नेमके झाले. आज आपल्याकडे २००९ चा वैध मापनशास्त्र कायदा लागू आहे. कायद्याच्या दृष्टीने गज, तसू, वार सारे इतिहासजमा झाले.

१७/
कायद्याच्या दृष्टीने झाले. कारागिराच्या दृष्टीने नाही. आजही सुतार ‘सत्तेचाळीस इंच तीन सूत’ असे माप सांगतो. आठ सूत म्हणजे एक इंच. एक सूत म्हणजे ३.१७५ मिलिमीटर. सदनिकेचे क्षेत्रफळ लोक चौरस फुटांत विचारतात, कापड मीटरवर विकले जाते, ब्लाइंडचा दर अनेकदा चौरस फुटावर सांगतात आणि कारखाना मिलिमीटरांत कापतो. एका खिडकीच्या पडद्यासाठी सूत, इंच, चौरस फूट आणि मिलिमीटर अशा चार एकके वेगवेगळ्या तोंडांतून जातात. चूक बहुधा टेपवर होत नाही. ती या भाषांतरात होते.

१८/
पडद्याच्या कापडाचा इतिहास तर भिवंडीच्या अगदी अंगणातला. एकोणिसाव्या शतकात उत्तर हिंदुस्थानातून आलेल्या मोमीन-अन्सारी विणकरांनी मालेगाव आणि भिवंडी इथे हातमागाच्या वस्त्या वाढवल्या. विसाव्या शतकात त्यांची जागा यंत्रमागाने घेतली. १८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, त्यात सुमारे अडीच लाख कामगार उतरले. गिरण्या बंद पडत गेल्या आणि कापडाचे बरेचसे काम भिवंडीच्या यंत्रमागांकडे आले. यंत्रमाग कामगाराची मजुरी विणलेल्या कापडाच्या मापावर ठरते. तिथे मोजमाप म्हणजे थेट पोटाचा प्रश्न.

१९/
कापडाच्या व्यवहारातला एक सुंदर मराठी शब्द म्हणजे ‘पन्हा’, कापडाची रुंदी. लांबी हवी तेवढी विणता येते, पन्हा मात्र मागाच्या रुंदीने बांधलेला असतो. चुणीदार ब्लाइंडमध्ये चुण्या आडव्या असतात, म्हणजे पन्ह्याच्या दिशेने पडतात. त्यामुळे एका अखंड ब्लाइंडची रुंदी कापडाच्या पन्ह्यापेक्षा जास्त करता येत नाही. उंची मात्र बरीच वाढवता येते. दिवाणखान्याची खिडकी फार रुंद असेल तर दोन ब्लाइंड शेजारी शेजारी लावावे लागतात, त्यामागे मागाची ही जुनी मर्यादा आहे.

२०/
मग चुणी टिकते कशी? निऱ्या आणि चुण्या आपल्याला नव्या नाहीत. नऊवारीच्या निऱ्या रोज नव्याने घालाव्या लागतात, कारण सुती कापड इस्त्री केलेली घडी धुतल्यावर विसरते. १९४१ मध्ये इंग्लंडमध्ये व्हिनफिल्ड आणि डिक्सन यांनी पॉलिएस्टर धाग्याचे पेटंट घेतले आणि हा नियम बदलला. पॉलिएस्टर सुमारे सत्तर-ऐंशी अंशांच्या वर मऊ पडू लागते. त्याहून बऱ्याच जास्त उष्णतेवर घडी घालून ते थंड केले की घडी कायम राहते. भारतात १९६० च्या दशकात खाडीपलीकडे ठाण्यातच ‘टेरीन’ या नावाने पॉलिएस्टर धागा तयार होऊ लागला.

२१/
उष्णतेने बसवलेली ही घडी म्हणजेच चुणीदार ब्लाइंडचा प्राण. कापडाला पंख्याप्रमाणे पुढे-मागे घड्या असतात, त्यांतून बारीक दोऱ्या ओवलेल्या असतात आणि वर-खाली एकेक ॲल्युमिनियमची पट्टी असते. पडदा वर घेतला की घड्या एकावर एक बसतात आणि फार थोडी जागा व्यापतात. खाली सोडला तरी घड्या पूर्ण सपाट होऊ द्यायच्या नसतात. त्या ताणल्या गेल्या तर पडद्याचे रूपच जाते. म्हणून खिडकीच्या उंचीपेक्षा कापड बरेच जास्त लागते. उंची कमी सांगितली तर कापड ओढून खाली आणता येईल, हा भ्रम म्हणून टाळावा.

२२/
आता कशेळीतील खिडकीला ते तीन प्रश्न विचारू. पहिला : माप कोणते? चौकटीच्या आत बसवायचा असेल तर रुंदी वर, मध्ये आणि खाली अशी तीन ठिकाणी मोजावी. समजा ती १२०३, ११९८ आणि १२०१ मिलिमीटर आली. यांतली सर्वांत लहान, ११९८, घ्यावी. कारण पडद्याला सर्वांत अरुंद जागेतून जायचे आहे. सरासरी काढू नये. उंचीही डावीकडे, मध्ये आणि उजवीकडे मोजावी. १३५२, १३५०, १३५५ आली तर चुणीदार पडद्यासाठी बहुधा सर्वांत मोठी, १३५५, घेतात. तरी त्या कारखान्याचे पत्रक काय सांगते ते आधी वाचावे.

२३/
चौकट काटकोनात आहे की नाही, हे कसे ओळखायचे? दोन्ही कर्ण मोजावेत. १२०० बाय १३५० मिलिमीटरच्या नेमक्या आयतात दोन्ही कर्ण सुमारे १८०६ मिलिमीटर येतील. एक १८०० आणि दुसरा १८१२ आला तर चौकट तिरकी आहे असे समजावे. हा नियम अडीच हजार वर्षांहून जुन्या शुल्बसूत्रांत आहे. यज्ञवेदी रचताना बौधायनाने आयताच्या कर्णावर ताणलेल्या दोरीचा सिद्धान्त सांगितला, आणि ‘शुल्ब’ म्हणजेच दोरी. जुन्या घरांत भिंत बसल्याने आणि नव्या इमारतीत गिलाव्याची जाडी कमीजास्त झाल्याने चौकट तिरकी निघते. तिरकेपणा जास्त असेल तर पडदा चौकटीबाहेर, भिंतीवर बसवणे शहाणपणाचे. तेव्हा दोन्ही बाजूंना काही सेंटिमीटर जास्त रुंदी घ्यावी.

२४/
दुसरा प्रश्न : साधन कोणते? पोलादी टेप, आणि तीही सर्व खिडक्यांसाठी एकच. टेपच्या टोकाचा आकडा सैल झालेला नाही ना, हे पाहावे. चौकटीची खोलीही मोजावी, कारण आपल्याकडे सरकत्या ॲल्युमिनियम खिडक्या, मच्छरदाणीची जाळी, आतले गज आणि खिडकीची मूठ हे सारे त्याच खोलीत दाटीवाटीने असते. पडद्याच्या वरच्या पट्टीला बसायला सपाट जागा उरते का, आणि खिडकी सरकवताना मूठ कापडाला घासते का, हे टेप सांगत नाही. ते डोळ्यांनी पाहून लिहून ठेवावे लागते.

२५/
तिसरा प्रश्न : माप कोणाचे? सर्वाधिक नुकसान इथे होते. मागणीपत्रकात सहसा दोन पर्याय असतात : ‘चौकटीचे माप’ आणि ‘पडद्याचे माप’. चौकटीचे माप दिले तर कारखाना स्वतः काही मिलिमीटर वजा करतो, म्हणजे पडदा मोकळा फिरतो. ग्राहकाने सावधगिरी म्हणून आधीच दहा मिलिमीटर वजा केले आणि तरीही ‘चौकटीचे माप’ असे लिहिले, तर वजाबाकी दोनदा होते आणि कडेने उजेडाची फट राहते. उलट, चौकटीचे माप ‘पडद्याचे’ म्हणून लिहिले तर पडदा चौकटीत अडकतो. दोन्ही वेळा टेप बरोबर होती आणि आकडेही बरोबर होते. आकड्यापुढचा शब्द चुकला होता.

२६/
मुंबई, मद्रास आणि बंगाल यांच्या गजाची गोष्ट इथे पुन्हा आठवते. तिथेही ‘दोन’ हा आकडा बरोबरच होता. कोणत्या शहराचा गज, हा शब्द राहिला होता. म्हणून मागणी लिहिताना काही गोष्टी स्पष्ट असाव्यात : एकक मिलिमीटर, आधी रुंदी, मग उंची, चौकटीचे माप की पडद्याचे, आत बसवायचा की बाहेर, ओढण्याची बाजू डावी की उजवी, आणि प्रत्येक खिडकीला क्रमांक. ‘हॉलची मोठी खिडकी’ असे लिहिण्यापेक्षा ‘खिडकी क्र. ३’ असे लिहून घराच्या आराखड्यावर तोच क्रमांक घालावा. लहान मुलांच्या घरात लोंबती दोरी नसलेला प्रकार निवडावा. दोरी गळ्यात अडकून मुलांना प्राणघातक अपघात झालेले आहेत.

२७/
पूर्वी झडप करणारा सुतार घरी येई, स्वतः मोजे, स्वतः कापी आणि स्वतः बसवी. चूक झाली तर ती कोणाची हे विचारावे लागत नसे. आज मोजणारा एक, मागणी नोंदवणारा दुसरा, कापणारा तिसऱ्या शहरात आणि बसवणारा चौथा. जकात टाळण्यासाठी मुंबईच्या हद्दीबाहेर वाढलेली भिवंडीची गोदामे १ जुलै २०१७ ला जीएसटी आल्यावर आणि जकात संपल्यावरही वाढतच राहिली, आणि मुंबई महानगराकडे येणाऱ्या मालाचा मोठा ओघ त्यांतूनच जातो. या लांब साखळीत सुताराची जागा एका कागदाने घेतली आहे : ग्राहकाने सही केलेले मागणीपत्रक. वाद झाला तर तोच पुरावा असतो.

२८/
आपल्यापैकी ज्यांनी मोडी किंवा महसुली कागद वाचले आहेत, त्यांना हे रूप ओळखीचे वाटेल. मोजणीच्या कागदावर शेताचे नाव, काठ्यांची संख्या, बिघे आणि मोजणाराची नोंद असते. रयतेला त्या कागदावरचा शब्द सहसा वाचता येत नसे आणि मापाची काठी तिच्या हातात नसे. म्हणून चूक झाली तर भार तिच्यावरच येई. मागणीपत्रक भरणाऱ्या ग्राहकाची स्थिती याहून बरी आहे. टेप त्याच्या हातात आहे आणि कागद त्याला वाचता येतो. या दोन्ही सोयी मिळायला काही शतके लागली, म्हणून सही करण्यापूर्वी पाच मिनिटे देऊन त्यांचा उपयोग करून घ्यावा. विक्रेत्याचा माणूस माप घ्यायला येणार असेल तर मापाची जबाबदारी त्याची, हे मागणीपत्रकावर लिहून घ्यावे.

२९/
मोजमापाच्या इतिहासाकडे आपण अनेकदा कोष्टकांचा इतिहास म्हणून पाहतो : इतके तसू म्हणजे इतके इंच. कोष्टके हवीतच, पण त्यांच्यामागे विश्वासाचा इतिहास आहे. दोरी जाऊन काठी आली, शहराशहरांचे गज जाऊन वार आला आणि वार जाऊन मीटर आला. प्रत्येक टप्प्यावर प्रश्न एकच होता : अनोळखी माणसाने घेतलेल्या मापावर मी विसंबू शकतो का? मीटरने त्याचे अर्धे उत्तर दिले. उरलेले अर्धे उत्तर आकड्यासोबत लिहिलेल्या स्पष्ट शब्दांत असते.

३०/
आता वाचकांसाठी एक काम. घरातील ज्येष्ठांना, ओळखीच्या सुताराला, शिंप्याला किंवा यंत्रमागावर काम केलेल्या कोणाला विचारा : तसू, सूत, पन्हा, वीत, मूठ यांपैकी कोणते शब्द ते आजही वापरतात आणि किती लांबीसाठी? गाव आणि व्यवसाय यांची नोंद करून उत्तर खाली लिहा. एकाच शब्दाची किंमत गावोगाव बदलते का, हे आपल्याला एकत्र पाहता येईल. पुढच्या धाग्यात धान्याची मापे घेऊ : शेर, पायली, अधोली, आणि माप शीग लावून भरायचे की सपाट, यावरून होणारे तंटे.